चोच कधी फिरवायची

गणिताच्या बाईंचा आवाज असा, की मुलं त्यांना पाठीमागे करवत म्हणत. त्या वर्गात शिरल्या की खडू आपोआप टोकदार होतो अशी वदंता होती, आणि ती खोडून काढायची कुणाची छाती नव्हती.

करवतीने मागच्या भिंतीपाशी एक बाक उलटा लावला होता. असमानता सोडवताना ज्याची चोच चुकेल तो त्या बाकावर, तोंड भिंतीकडे. चोच म्हणजे लहान-मोठं दाखवणारं ते चिन्ह; मोठ्याच्या बाजूला 'आ' वासून असतं. भिंतीवाल्याने दर शुक्रवारी एकाला फळ्यापाशी पाठवायचं. तो चुकला तर जागांची अदलाबदल. नाही चुकला तर आणखी आठवडाभर ओल आलेला गिलावा बघत बसायचं. एका मुलाला म्हणे तिथली इतकी सवय झाली, की घरीसुद्धा तो ताटाकडे पाठ करून जेवे आणि कण सांडत नसे.

सध्या तिथे थोरली होती. नापास होऊन ती धाकट्या बहिणीच्याच वर्गात आली, तेव्हाच नाक कापलं गेलं होतं. त्यात वजा संख्येने भागताना चोच फिरवायला विसरली. भिंतीपाशी गेल्यापासून तिने वर्गातले ठोंबे हुडकून हुडकून फळ्यापाशी पाठवले, पण भिंतीच्या धाकाने ठोंबेही शहाणे झाले होते. ऐकून ऐकून आता तिलाही सगळं येत होतं. पण भिंतीवाल्याला विचारतो कोण? तिला एकच हवं होतं, तोंड पुढे करून बसायला.

गुरुवारी संध्याकाळी धाकटी वही घेऊन तिच्याजवळ आली. चोच नक्की कधी फिरवायची, हे काही तिच्या डोक्यात शिरत नव्हतं.

थोरलीने तिच्याकडे जरा वेळ बघितलं. "सोपं आहे गं. वजा दिसला रे दिसला, की फिरवायची."

"नुसतं वजा केलं तरी?"

"वजा केलं तरी, भागलं तरी. डोळे मिटून फिरव."

धाकटीने खूश होऊन आपलं अर्धं बिस्किट ताईला दिलं. ताईने ते खाल्लं.

शुक्रवारी थोरलीने मान न वळवता बहिणीला फळ्यापाशी पाठवायला सांगितलं. करवतीने फळ्यावर लिहिलं: ७ − २क्ष > १. थोरलीला दिसत नव्हतं, पण धाकटी मोठ्याने बोलत सोडवत होती. दोन्हीकडून सात वजा केले, चोच फिरवली. वर्गात कुणीतरी फिसकन हसलं. वजा दोनने भागलं, पुन्हा फिरवली. क्ष तीनपेक्षा मोठा.

बाईंनी क्षच्या जागी शून्य घालायला सांगितलं. सात उरले. सात एकापेक्षा मोठे, हे धाकटीने कबूल केलं.

"म्हणजे शून्य चालतं. शून्य तीनपेक्षा मोठं आहे का गं?"

धाकटी स्वतःच दप्तर उचलून भिंतीकडे गेली.

अदलाबदल पक्की व्हायला थोरलीला तेच गणित सोडवून दाखवावं लागलं. तिने एक शब्द न बोलता सोडवलं. सात वजा करताना चोच जागच्या जागी, वजा दोनने भागताना फिरवली: क्ष < ३. करवतीने बरोबरची खूण केली.

"घरात एवढी हुशार ताई, आणि हिला हे असलं कुणी शिकवलं?"

"बाई, ती माझं ऐकते कुठे," थोरली म्हणाली.

वर्ग खळखळून हसला. भिंतीपाशी एक वेणी, सकाळी थोरलीनेच घातलेली, एकदा हलली आणि स्थिर झाली.

घरी जाताना थोरलीने मनात उत्तरं तयार ठेवली होती: मस्करी केली, तुझंच चुकलं, आईला सांगून बघ. त्यातलं एकही लागलं नाही. दिवेलागणीला धाकटी सुजल्या डोळ्यांनी वही घेऊन आली.

"ताई, मीच नीट ऐकलं नसणार. पुन्हा एकदा सांग ना."

थोरलीने पेन्सिल घेतली. खरं सांगावं, तर काल काय सांगितलं होतं ते आज हिला कळणार. भिंतीकडे तोंड असल्यामुळे बिचारीने फळा बघितलाच नव्हता.

"आता तरी लक्ष दे," ती म्हणाली. "वजा येवो, भागाकार येवो, चोच हलवायचीच नाही. कधीच."

धाकटीने ते वहीत लिहून घेतलं आणि विसरायला नको म्हणून खाली दोन रेघा ओढल्या.