हिरीची साक्ष

बंडू खोत नुसता समोर दिसला तरी नबीलालच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. हुपरीच्या रस्त्याला एकाच टांग्याचा परवाना राहील, आणि जो आधीपासून त्या रस्त्याला आहे त्यालाच तो मिळेल, असा महाराजांच्या दरबाराचा हुकूम निघाला आणि दोघांची कचेरीत जुंपली. नबीलाल नऊ वर्षं हुपरीच्या चांदीवाल्यांची कोल्हापूरच्या स्टेशनापर्यंत ने-आण करत होता. बंडूला टांगा घेऊन वर्षही झालं नव्हतं. पण बंडूनं वकील दिला आणि शपथेवर धडाधड खोटं बोलणारे तीन साक्षीदार उभे केले. नबीलालपाशी होतं काय? जुना परवाना वाळवीनं खाल्लेला. तोंड तेवढं शाबूत.

"ह्यो अजून वाट इचारत जातोय, सायेब!" तो मामलेदारांपुढं ओरडला.

"तोंड सांभाळ, नब्या. न्हायतर भायेर गाठतो."

"गाठ की! आत्ता गाठ!"

मामलेदारांनी टेबलावर थाप मारली. "पुरावा असेल तर बोला."

आणि इथं नबीलालला नको ती अक्कल सुचली. "माझ्या घोडीला इचारा, सायेब. लगाम सोडून देतो. नऊ वर्सं जितं जितं उतारू चढलं, तितं हिरी आपणहून थांबंल. तिला कुणी पढवून आणल्याली न्हाय, ह्याच्या साक्षीदारागत."

मामलेदारांना गंमत वाटली. ठरलं. मात्र वाटेत लगामाला हात लागला की दावा गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी स्टेशनावरून टांगा निघाला. मागं मामलेदार आणि कारकून, पुढं मांडीवर हात ठेवून नबीलाल, आणि पाठोपाठ आपल्या टांग्यात बंडू. हिरी पिंपळाखाली थांबली. उचगावच्या विहिरीपाशी थांबली. कारकून लिहून घेत होता, बंडूचं तोंड उतरत होतं. घोडीच्या गळ्यात पडावं, इतका आनंद नबीलालला झाला होता.

तेवढ्यात लांबवर जकातीचं नाकं दिसलं आणि त्याला आपली चूक कळली.

परवाना चार उतारूंचा. नबीलाल सहा भरायचा. नाक्यावरचा शिपाई डोकी मोजतो, म्हणून अलीकडं बाभळीपाशी दोघांना उतरवायचं. ते बांधानं वळसा घालून पलीकडं येऊन परत बसायचे. नऊ वर्षं, रोज. हे इतकं अंगवळणी पडलं होतं, की कचेरीत छाती फुगवताना त्याला ते आठवलंसुद्धा नाही.

लगाम हाताशी होता. पण ओढला तर परवाना गेला, आणि नाही ओढला तरी जाणार. "चल बाई, चल," तो पुटपुटला. हिरी बाभळीपाशी थांबली.

"इथं कोण चढतं?"

"न्हाय सायेब, घोडी... मुतती हितं."

मामलेदारांनी मान डोलावली. नाकं मागं पडलं. पन्नास पावलांवर, बांधाच्या तोंडाशी, हिरी पुन्हा थांबली आणि मान वळवून शेताकडं बघत उभी राहिली.

बंडूही टांगेवालाच, त्याला सांगावं लागलं नाही. तो मोठ्यानं हसला. "सायेब, दोन माणसं यायची हाईत तिची! नाक्याला चुकवून!"

मामलेदारांनी शिपायाला बोलावलं, बाभूळ बघितली, बांधावरची मळलेली पायवाट बघितली. मग नाक्यावरच्या बाकावर बसून त्यांनी हुकूम लिहिला.

"घोडी खरं बोलली," ते म्हणाले. "रस्ता तुझाच होता. आणि परवाना रोज मोडत होतास, तोही तूच." परवाना बंडूला मिळाला. मामलेदार त्याच्याच टांग्यात बसून परत निघाले.

"घोडी इकतोस काय रं, नब्या?" बंडू जाता जाता म्हणाला. "वाट पाठ हाय तिला."

नऊ वर्षांत नबीलालनं हिरीला कधी चाबूक लावला नव्हता. आता टांग्यात उभं राहून सगळ्या जोरानं लावला. बंडूवरचा राग, स्वतःवरचा राग, सगळा तिच्या पाठीवर काढला. घोडी थरथरली. आपण उशीर केला म्हणून मार बसला असं समजून ती हुपरीच्या वाटेनं जीव तोडून धावायला लागली.