शनिवारी येणारा नवरा

धैर्यशील हे नाव माझ्या सासूने काय विचार करून ठेवलं, देव जाणे. आयुष्यात त्याने धैर्य एकदाच दाखवलं, बायकोला आणि पोरीला ऑकलंडमधल्या भाड्याच्या घरात टाकून जायचं. ईस्ट टामाकीच्या एका गोदामात तो कामाला होता, तिथेच कुणीतरी भेटली. गेला तर गेला. माझं रडून झालं, मग मी सरकारी ऑफिसात गेले आणि एकटी आई म्हणून घरभाड्याची मदत सुरू करून घेतली. त्यात लाज कसली?

पण ऑकलंडचं भाडं त्या मदतीतही झेपेना. टौरंगाला किवीफळांच्या पॅकहाउसमध्ये काम मिळतं असं कळलं, म्हणून २००६च्या मार्चमध्ये तिकडे जायचं ठरवलं. ऑफिसातल्या बाईने नीट समजावलं. गाव बदललं म्हणून मदत बंद होत नाही. नवा पत्ता कळवायचा, नवं भाडं कळवायचं आणि नवरा परत राहायला आला तर तेही कळवायचं. मी हसले. म्हटलं, ती चिंता तुम्ही करूच नका.

टौरंगात घर मिळालं ते वसुंधराताईंचं. त्या फार्मसिस्ट, त्यांचे मिस्टर हॉस्पिटलात डॉक्टर, आणि घरामागे दोन खोल्यांचा सुटा फ्लॅट रिकामा. गोऱ्या एजंटांना आधीच्या घरमालकाची शिफारस हवी, बँकेचे कागद हवेत. इथे आपलं माणूस म्हणून सगळं तोंडी. पण आपलं माणूस म्हटलं की आपले प्रश्नही आलेच. किल्ली द्यायच्या आधी ताईंनी विचारलं, मिस्टर काय करतात? ऑकलंडमध्ये एका मराठी गृहस्थांना मी या प्रश्नाचं खरं उत्तर दिलं होतं. एकट्या बाईला घर दिलं की भानगडी होतात, असं म्हणून त्यांनी मला दारातूनच परत पाठवलं होतं. तेव्हा या वेळी मी उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. म्हटलं, ते ईस्ट टामाकीला नाइट शिफ्टला असतात, शनिवारी येतात. ताईंचा चेहरा खुलला आणि किल्ली माझ्या हातात आली.

खोटं बोलणं सोपं, ते पोसणं कठीण. जुन्या वस्तूंच्या दुकानातून मी पुरुषाचे कामाचे बूट आणले आणि दाराशी ठेवले. दर शनिवारी ते मागच्या ओल्या मातीत दाबून आणायचे, कारण कायम स्वच्छ राहणारे बूट बघून ताईंना शंका आली असती. दोरीवर एक मोठा शर्ट वाळत घालायचे. गळ्यात मंगळसूत्र पुन्हा आलं. ताई कधी डोकावल्याच तर मी तोंडावर बोट ठेवून म्हणायचे, नाइट शिफ्टची झोप चाललीय. मग त्या बिचाऱ्या, माझ्या मिस्टरांना आवडतील म्हणून, सुरळीच्या वड्यांचा डबा माझ्या हातात देऊन पाऊल न वाजवता परत जायच्या. त्या वड्या मीच खाल्ल्या. झकास असायच्या.

पोरीला, इशिताला, मात्र शिकवावं लागलं. मराठी सगळं समजतं तिला, पण उत्तर इंग्रजीतच. कुणीही विचारलं तर सांगायचं, डॅड कामाला आहे, दर शनिवारी येतो. "बट ही डझन्ट," ती पहिल्यांदा म्हणाली. मी म्हटलं, तरी सांगायचं, नाहीतर हे घर जाईल. मग ती शिकली. ताईंसमोर, शाळेच्या फाटकाशी, कुठेही न अडखळता सांगायची आणि हळूच माझ्याकडे बघायची. मी पाठीवर हात ठेवून म्हणायचे, शाब्बास.

हिवाळ्यात हंगाम संपला. पगार हंगामाचा आणि भाडं बारमाही, तेव्हा आता सगळा भार त्या मदतीवर होता. आणि नेमकी तेव्हाच ऑफिसातून एक बाई तपासणीला आली. पन्नाशीची, शांत, 'किया ओरा' असा इथला नमस्कार म्हणत फाटकातून शिरली, तर समोर वसुंधराताई. माझं भलं व्हावं म्हणून ताईंनी माझी तोंडभर स्तुती केली. फार चांगलं कुटुंब, नवरा एवढ्या लांबून दर आठवड्याला येतो. एवढं सांगून त्या तिला माझ्या दारापर्यंत सोडायला आल्या आणि तिच्याबरोबर आतही शिरल्या.

त्या बाईने बूट पाहिले, शर्ट पाहिला. मग आत बसून शांतपणे म्हणाली, नवरा इथे राहत असेल तर मदत थांबेल, आणि टौरंगाला आल्यापासून दिलेली सगळी परत मागितली जाईल.

"तो इथे राहत नाही. कधीच राहिला नाही," मी ताईंसमोर म्हटलं.

मग सगळंच सांगितलं. बूट, चिखल, शर्ट, शनिवार. सांगताना माझं मलाच ते वेड्याचं बोलणं वाटत होतं. ती म्हणाली, हे खरं आहे असं सांगणारं दुसरं कुणी आहे का? कोण असणार? मी टौरंगातल्या एकूण एक मराठी घरात तो शनिवारचा नवरा पोचवला होता. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय. ताई माझ्या गळ्यातल्या मंगळसूत्राकडे बघत राहिल्या.

"आणि माझ्या वड्या?" त्यांनी मराठीत विचारलं.

"मीच खाल्ल्या, ताई."

त्यांच्या डोळ्यांत राग होता, आणि तो मला पटत होता. पण मग त्या बाईकडे वळून त्यांनी इंग्रजीत सांगितलं, की माझ्या नवऱ्याला त्यांनी एकदाही पाहिलेलं नाही, ही सांगत गेली आणि त्या ऐकत गेल्या. बाईने मान हलवली आणि हातातलं पेन टेबलावर ठेवलं. मला वाटलं, सुटले.

तेवढ्यात इशिता शाळेतून आली. दारात थबकली. अनोळखी बाई, गप्प बसलेल्या ताई, माझे लाल डोळे. घर जायची वेळ आलीय, हे पोरीने एका नजरेत ओळखलं.

"डॅड्स ॲट वर्क," कुणी न विचारता ती म्हणाली. "ही कम्स एव्हरी सॅटर्डे. ही टुक मी टू द बीच. हीप्स ऑफ टाइम्स."

समुद्रावरचं मी शिकवलेलं नव्हतं. ते तिने स्वतःचं घातलं होतं.

मी ओरडून सांगितलं, की हे मी पढवलंय. ताईही काहीतरी बोलल्या. बाईने आवाज चढवला नाही. म्हणाली, मोठी माणसं पैशासाठी खोटं बोलतात हे मी समजू शकते, पण ही मुलगी समुद्राबद्दल बोलतेय. चौकशी होईपर्यंत मदत आजपासून थांबेल. तिने पेन उचललं आणि लिहू लागली.

इशिताने दप्तर खाली ठेवलं आणि हळूच माझ्याकडे बघितलं. मी जवळ गेले, तिच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हटलं, शाब्बास.