कोथिंबीरसाहेब

दीपमालाने टेम्पो भरून पपईची रोपं आणली आणि रनाळ्यात सकाळी सकाळी हेमकांतच्या ओट्यावर नवरा-बायकोच्या भांडणाला तोंड फुटलं.

"नोकरीनी आर्डर उनी तं पपई तोडी कोन?" हेमकांतने विचारलं.

"उनी तं मी तोडसू. तवलोंग तुमी पानी द्या," ती म्हणाली आणि रोपं उतरवायला लागली.

हे भांडण समजायचं तर आधी हेमकांतची शेती समजून घ्यायला हवी. त्याचे वडील लोटनतात्या सरकारी खात्यात शिपाई होते. चाकरीत असतानाच ते गेले, आणि त्यांच्या माघारी घरातल्या एकाला घ्यायचं म्हणून अनुकंपाच्या यादीत हेमकांतचं नाव लागलं. तेव्हा त्याचं लग्न नवंनवं होतं. आता पोरगी बारावीला आली, पण यादी काही पुढे सरकेना. कचेरीत गेलं की जागा निघाली म्हणजे कळवू, एवढंच ऐकायला मिळायचं. तात्या गेले तेव्हा एक जागा रिकामी झाली, ती मग कोणी गिळली, असा त्याच्या आईचा, सुंदरबाईंचा, साधा सवाल होता. त्याला उत्तर द्यायला कचेरीत कोणी रिकामं नव्हतं.

हेमकांत मात्र भोळ्या भरवशाचा माणूस. ऑर्डर आज येईल, उद्या येईल, म्हणून इतक्या वर्षांत त्याने लांबचं पीकच धरलं नाही. कोथिंबीर, मेथी, पालक. महिना-दीड महिन्यात कापलं की माणूस मोकळा. शेजारचा उखा बांधावरून रोज रामराम घालायचा, "काय कोथिंबीरसाहेब, आज डूटी कोठे शे?" हेमकांत हसायचा. मनात मात्र वर्षं मोजायचा, कारण वयाची पंचेचाळीस पूर्ण झाली की यादीतून नाव उडतं, आणि त्याचं चव्वेचाळिसावं सरत आलं होतं.

रोपं लागली. उन्हाचा चटका वाढला तसं दीपमालाने त्यांच्यावर पांढरं कापड पांघरलं. हेमकांत थोडे दिवस फुगून बसला. मग ठिबकची नळी तुंबली, ती मोकळी करायला तो वाकला आणि पुढे वाकलेलाच राहिला. वाऱ्याने झाड कललं की बुडाशी माती लाव, पान पिवळं दिसलं की जेवण टाकून धाव. कोथिंबिरीला त्याने कधी असा जीव लावला नव्हता. पावसाळा सरला, झाडं फळांनी लगडली, आणि कचेरीचं नाव त्याच्या तोंडात येईनासं झालं. दीपमालाने ते ओळखलं होतं.

पहिला तोडा ठरला. व्यापाऱ्याची गाडी उद्या येणार, मजूर सांगून ठेवलेले, फळं गुंडाळायला रद्दी आणून टाकलेली. त्याच संध्याकाळी कचेरीतून फोन आला. उद्या सकाळी मूळ कागद घेऊन हजर राहा, ऑर्डर मिळेल.

हेमकांतच्या तोंडून निघून गेलं, "साहेब, चार दिवस थांबता येईल का? पपईचा तोडा आहे."

लोकांना थांबवणं हा त्या कचेरीचा रोजचा उद्योग, पण तिलाच थांब म्हणणारा कोणी आजवर भेटला नसावा. फोनवरच्या माणसाने एवढंच विचारलं, की दादा, तुमचं वय काय चाललंय. दीपमालाने फोन हिसकावून घेतला, सकाळीच येतील म्हणून सांगितलं, आणि नवऱ्याकडे वळली.

"ती तात्यास्नी जागा शे. तुमी जा. तोडा मी पाहसू."

दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला तो ऑर्डर घेऊन आला. नवापूरला शिपाई. सुंदरबाईंनी कागद तात्यांच्या फोटोपुढे ठेवला आणि डोळ्यांना पदर लावला. तात्या गेले तेव्हा त्या चारचौघांत रडल्या नव्हत्या. आज उखा समोर उभा असताना रडल्या. उखाने टोपी काढली आणि आयुष्यात पहिल्यांदा नुसतं 'साहेब' म्हणाला.

हेमकांतचं लक्ष मात्र दीपमालाच्या हातांकडे होतं. पपईच्या चिकाने तिची बोटं सोलून निघाली होती. फळ कसं निघालं, व्यापाऱ्याने किती माल बाजूला टाकला, झाडं कुठे दुखावली तर नाहीत ना, सगळं विचारून झालं. मग तो एकदम डोक्याला हात लावून बसला.

"आते काय व्हयनं?" तिने घाबरून विचारलं.

"पुढला हप्तामा दुसरा तोडा शे," तो म्हणाला. "रजा कशी टाकतस, तेच इचारानं राही गयं."