पडद्यावरच्या पोरीचं उत्तर

मुक्या सिनेमाच्या पडद्याशेजारी उभं राहून सगळ्यांच्या तोंडी शब्द घालणारा मी. कानाझावा शहरातल्या आमच्या थिएटरात बाप मी, लेक मी, सासूही मीच. लोक सिनेमाला नव्हे, या तोकुजीला ऐकायला येत. उगाच फुशारकी नाही मारत.

माझा जीव जडला होता फुसाएवर. ती कंगव्यांच्या दुकानाची एकुलती एक लेक. तिच्या नवऱ्यानं घरजावई होऊन तिच्या घराचं नाव लावायचं, असा रिवाज. आणि मी तोफूवाल्याचा एकुलता एक मुलगा. वारसाला घर सोडायची कायद्यानंच बंदी. उरलं काय, तर पळून जाणं.

"दिवसभर दुसऱ्यांची प्रेमं बोलता, अन् स्वतःची वेळ आली की दातखीळ बसते मेली!" फुसाए म्हणाली. "उद्या दुपारच्या खेळाला मला बघायला येतायत, तुमच्याच थिएटरात. शेवटी पोरगी बापासमोर वाकते आणि सिनेमा संपतो ना? तिच्या तोंडून 'मी जाते' म्हणा. मी उठून मागच्या दाराशी येईन. नेहमीचं 'नाही जात'च बोललात, तर त्या मुलाला होकार देईन."

"म्हणतो की नाही बघच," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी ती चौथ्या रांगेत बसली होती. शेजारी तो मुलगा. दिसायला भला होता, हेच वाईट.

शेवटचा प्रसंग आला. आधी बापाचं बोलणं.

"जायचं तर जा पोरी. पहाटे जातं ओढीन मी एकटा."

पडद्यावरचा बाप कारकून होता हो! सोयाबीन दळायचं ते जातं आमच्या घरचं होतं, आवाज माझ्या बाबांचा, मधला खोकलासुद्धा त्यांचाच. थिएटर हुंदके देऊ लागलं. पोरगी वाकली, ओठ हलले, अन् माझ्या तोंडून निघून गेलं, "नाही हो बाबा, मी कुठं जाते!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. इतकं चांगलं मी जन्मात बोललो नव्हतो. आग लागो या तोंडाला! दिवे लागले तेव्हा फुसाए डोळे पुसत त्या मुलाकडे बघून होकारार्थी मान हलवत होती.

तरी मी मागच्या दाराशी जाऊन उभा राहिलो. पुढच्या खेळाची घंटा होईपर्यंत कुणी आलं नाही.

त्या खेळाला पोरगी वाकली तेव्हा मी म्हणालो, "मी जाते."

"ओ तोकुजी," आधीच्या खेळापासून बसून राहिलेलं कुणीतरी मागून ओरडलं, "वाक्य चुकलं! मघाचंच म्हणा!"