तो शॉट माझा

एलोदीचं नाव निघालं की माझं डोकं फिरतं. पाच सिनेमे आहेत आज बाईच्या नावावर. लिहिते तीच, दिग्दर्शनही तिचंच. मागच्या वर्षी तिकडे फ्रान्सात कसलंसं मोठं बक्षीस मिळालं. मोबाइलवर तिचा फोटो बघून आमची वनमाला म्हणते, "अहो, केस पांढरे झाले की हो पोरीचे!" जशी काही हिची सख्खी भाचीच. माझे पांढरे झाले ते नाही दिसले कधी.

वीस वर्षांपूर्वी ही पोरगी कॅमेरा घेऊन फ्रान्सहून जव्हारला आली, तेव्हा इथून मोखाड्यापर्यंत लग्नाचं शूटिंग म्हणजे दामोदर, दुसरं नावच नव्हतं. तिला फटफटीवर बसवून जामसरला नेलं कोणी? मी. तिथल्या रुपी नावाच्या बाईच्या घरी जात्यावर नागली, म्हणजे नाचणी, दळायचं शूटिंग आम्ही दोघांनी केलं, आपापल्या कॅमेऱ्यावर. तिचा पहिला सिनेमा त्या दळणावरच उभा राहिला. सहा मिनिटं नुसती रुपी दळतेय, एक शब्द नाही. लोक रडले म्हणे. अरे, तो कोपरा मी दाखवला, दारातून उजेड कसा येतो ते मी सांगितलं! आणि शेवटच्या नावांत दामोदर कुठेच नाही. जळतो मी, हो, जळतो.

म्हणून गेल्या महिन्यात प्रांजलचा फोन आला तेव्हा खुर्चीतून उठलोच. मुंबईची मुलगी. एलोदीच्या कारकिर्दीवर माहितीपट करणाऱ्या दोन फ्रेंच माणसांची दुभाषी. "काका, तिच्या सुरुवातीच्या दिवसांबद्दल बोलाल?"

बोलेन? वीस वर्षं पाठ करत होतो!

तिघं माझ्या स्टुडिओत आले, लाइट लावले. मी छातीठोक सांगितलं, "तो शॉट माझा. तिनं उचलला."

"तुमची टेप आहे?" प्रांजलनं विचारलं.

त्या काळी आम्ही एकच टेप चार-चारदा वापरायचो. जामसरच्या टेपवर पुढच्याच आठवड्यात मी मोखाड्याचा एक साखरपुडा घेतला होता. पण तोंडातून गेलं, "आहे तर!" साखरपुडा आटोपशीर होता, शेवटी थोडं जामसर उरलं असणार.

जुना कॅमेरा टीव्हीला जोडला. पेढे झाले, फोटोला ताटकळलेली माणसं झाली, मग पडद्यावर मुंग्या. आणि एकदम रुपी! तोच कोपरा, तोच उजेड. "बघा!" मी ओरडलो.

पण रुपीसमोर एलोदी बसली होती. जात्याचा खुंटा दोघींच्या हातात. तिच्या कॅमेऱ्याची पिशवी बंद, भिंतीला टेकवलेली. आणि माझा आवाज आला, चांगला खणखणीत. "ए रुपी, हात चालव पटपट, टेप संपतेय! आणि ही बया बघा, तीन दिवस झाले नुसती दळतेय. ही काय सिनेमा करणार, कपाळ!" मग माझंच खिदळणं. रुपी घाबरून भराभरा दळायला लागली, पीठ सांडलं. एलोदीनं तिच्या हातावर हात ठेवला. जातं पुन्हा सावकाश फिरायला लागलं. मग मुंग्या.

प्रांजलनं हळू आवाजात त्या दोघांना सगळं सांगितलं, तर ते आनंदानं उभेच राहिले. एलोदीचं त्या दिवसांतलं एकही चित्रण कुणाकडे नव्हतं म्हणे. "काका, हे आम्हाला सिनेमात हवंय. तुमच्या आवाजासकट. परवानगी द्याल?"

वनमाला दारात चहाचा ट्रे घेऊन उभी होती. तिनं मानेनं नाही म्हणून खुणावलं. तिकडे अख्खं थिएटर मला हसणार, हे मलाही कळत होतं. कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंगचं लाल बटण हाताशी होतं. एकदा दाबलं असतं तर तेवढंही पुसलं गेलं असतं.

"नाव येईल?" मी विचारलं.

"येईल ना. मोठ्या पडद्यावर."

मी सही केली. "दामोदर एवढंच नको," म्हटलं, "आडनावही टाका. आणि तिच्या नावाजवळ टाका."