शांत पोट्टी

आमच्या घरात दिवसा कुणी मोठ्यानं बोलत नाही. माझा नवरा पुष्कर मालगाडी चालवतो. रात्रभर इंजिनात बसायचं, सकाळी गुढियारी वस्तीतल्या घरी यायचं आणि दुपारभर झोपायचं. सासरेही गाडी चालवूनच रिटायर झाले. त्यामुळे दारावरची बेल काढून ठेवलेली, कुकर पुष्कर उठल्यावर लागणार, आणि भाजीवाल्या भैयाशी सासूबाई खुणेनं भाव करणार. नवी नवरी म्हणून आले तेव्हा मला वाटलं, घरात कुणी आजारी आहे की काय! पण ड्रायव्हरची झोपमोड म्हणजे काय, हे या घराला पक्कं ठाऊक आहे. त्याबद्दल माझी तक्रार नाही.

अशा घरात श्रावणी जन्मली. पहिल्याच आठवड्यात सासूबाईंनी बाजारातून चुसनी आणली, लेकराला चोखायला द्यायची रबरी बोंडी. पोरीनं तोंड वाकडं केलं रे केलं की चुसनी तोंडात. मी आंघोळीला गेले, चुसनी. पाहुणे आले, चुसनी. ती रबर चोखत चोखत पुन्हा झोपून जायची.

"काय शहाणी पोट्टी हाय वो!" शेजारच्या बाया म्हणायच्या.

"ड्रायव्हरची हाय," सासूबाई मान ताठ करून सांगायच्या. "बापाची झोप समजते तिले."

मलाही बरंच वाटायचं, खोटं कशाला बोलू? टाके दुखत असताना शांत लेकरू कुणाला नको असतं?

दीड महिन्याच्या लसीला आम्ही दोघी तिला घेऊन तेलीबांध्याच्या दवाखान्यात गेलो. डॉक्टर पद्मजा मूळच्या अमरावतीच्या, त्यामुळे या हिंदी मुलखात सासूबाईंना त्या घरच्याच वाटतात. त्यांनी श्रावणीला काट्यावर ठेवलं, उचललं, परत ठेवलं. जन्माच्या वेळेपेक्षा वजन जेमतेमच वाढलं होतं.

"हिले आईचं पुरत नाही," सासूबाई म्हणाल्या. "दुधाचा डबा लिहून द्या, मॅडम."

लेकराला माझं दूध पुरत नाही, हे चारचौघांत ऐकायला फार लागतं. मी खाली मान घालून बसले.

"दिवसातून किती वेळा पाजता?" डॉक्टरांनी मला विचारलं.

"ती रडली की."

"अन् रडते कधी?"

मी सासूबाईंकडे पाहिलं.

"रडतच नाही," त्या कौतुकानं म्हणाल्या. "तोंड उघडलं की मी चुसनी देते."

डॉक्टरांनी मला तिथंच पाजायला लावलं आणि शेजारी बसून पाहिलं. "पोरगी छान ओढून राहिली, गिळतेही," त्या म्हणाल्या. "लेकरू जितकं ओढेल तितकं दूध उतरतं. ही मागते तेव्हा तुम्ही रबर देता. मग दूध येईल काहून? चुसनी काही विष नाही, दूध अन् वजन मार्गी लागलं की हवी तर द्या. पण आत्ता बंद. मूठ तोंडाशी नेली, मान वळवून शोधायला लागली की लगेच पाजा, रडायची वाट पाहू नका. नाही उठली तर उठवून पाजा. आठवड्यानं काट्यावर ठेवू. तरी नाही वाढलं तर डब्याचं पाहू."

म्हणजे माझ्या हातात एक आठवडा होता.

दुसऱ्याच दुपारी परीक्षा झाली. पुष्कर नुकताच निजला होता, मी कपडे वाळत घालायला गच्चीवर गेले आणि श्रावणीनं असा गळा काढला की अख्खा पारा, म्हणजे सगळा मोहल्ला, जागा व्हावा. मी धावत खाली आले. सासूबाई तिला छातीशी धरून उभ्या होत्या, चेहरा पार उतरलेला. पुष्कर डोळे चोळत बाहेर आला.

"क्या हुआ? चुसनी कहाँ है?"

"फेकली मी," सासूबाई म्हणाल्या. "भूक लागली तिले. तू कूलर फुल कर अन् निज."

तो कूलरकडे वळला. त्या घरात हे वाक्य ऐकायला मिळेल असं मलाही वाटलं नव्हतं. त्या दिवसापासून पुष्करची गादी मागे सासऱ्यांच्या खोलीत गेली, आणि सासूबाई पाळण्याशी राखणीला बसल्या. पोरीची मूठ हलली की मला हाक. भात परतत असले तरी हाक, ताटावर असले तरी हाक. कधीकधी मी वैतागून जायची, पण उठायची.

आठवड्यानं काट्यावर ठेवली. डॉक्टर हसल्या. "मस्त वाढली! डबा-बिबा काही नको."

मला तिथंच रडू फुटलं. सासूबाई मात्र ऑटोत बसल्यावर नातीच्या पायाचा तळवा चोळत बाहेर बघत राहिल्या.

"आई, बरं वाटत नाही का?" मी विचारलं.

"पुष्कर एवढाच होता तेव्हाची गोष्ट," त्या म्हणाल्या. "हाही असाच शांत. बाप दिवसा निजे, मी चुसनी देत जाय. वाळून काडी झाला. सासूनं डबा आणला, सगळ्याईनं सांगितलं, या गोदावरीले दूधच नाही. जिथं जाय तिथं हेच. मीबी तेच धरून चालली आजपर्यंत."

मी त्यांचा हात धरला.

"यामिनी," त्या हळूच म्हणाल्या, "मग मले दूध होतं ना?"

"होतं, आई," मी म्हणाले. "भरपूर होतं."