फोटोपुरतं घंगाळ

बीकन हिल बॅजर्स या ज्युनिअर आइस हॉकी संघाचा इतिहास दोनशे शब्दांत लिहून द्या, असं मॉरीनने सांगितलं, तेव्हा रघुवीर मोहरीरांना तो एका शब्दात लिहिता आला असता : घंगाळ. पण मॉरीन पडली क्लबची चेअरमन. तिला २००६च्या स्पर्धेच्या पत्रिकेत छापायला इतिहास हवा होता आणि त्यात ‘टीम स्पिरिट’ निदान तीनदा यावं, अशी तिची अपेक्षा होती. ज्या संघाने कधीच काही जिंकलेलं नसतं, त्याच्याकडे स्पिरिट उदंड असतं.

इतिहास लिहायचं काम रघुवीरांकडे आलं, कारण सगळीच कामं त्यांच्याकडे येत. इंग्लंडातल्या कुठल्याही क्लबात माणूस दोनदा वेळेवर पोचला की तिसऱ्या खेपेला तो मॅनेजर झालेला असतो. रघुवीरांनी हयातभर कौन्सिलच्या गटारांचे नकाशे काढले होते. निवृत्तीनंतर नॉटिंगहॅमच्या कडेच्या आपल्या घरात ते पेपर वाचत बसणार होते. पण मुलगी नीना हॉस्पिटलात, तिच्या शिफ्टचा नेम नाही, म्हणून नात तनूला आइस रिंकवर न्यायचं काम आजोबांच्या गळ्यात पडलं. तनू गोलात उभी राहायची. लहान असल्यामुळे पॅड बांधले की ती चौकोनी दिसे, आणि कोचच्या मते गोलकीपरला एवढं पुरेसं होतं.

२००३च्या वसंतात बॅजर्सनी पहिली स्पर्धा भरवली. संघ आले, पालक आले, मेयरबाई आल्या. मागवलेला कप मात्र आला नाही.

“आता बक्षीस म्हणून काय देऊ? किटली?” मॉरीन म्हणाली.

रघुवीरांचं घर पाच मिनिटांवर. बायको वैजयंती बहिणीकडे, अरुणाकडे, इल्फर्डला गेलेली. आणि त्यांना ते घंगाळ आठवलं. चांगलं रुंद तोंडाचं, पितळी, दोन बाजूंना दोन जाड कड्या. घंगाळ काय आणि हॉकीचा कप काय, लांबून फरक तो किती? वैजयंतीने ते लग्नानंतर विमानात मांडीवर घेऊन आणलं होतं. कस्टमच्या माणसाने हे काय म्हणून विचारलं, तर तिने “बाथरूम” असं सांगितलं होतं. काठाखाली तांबटाने कोरलेलं होतं : ‘चि. वैजूस, आईकडून.’ दरवर्षी दिवाळीच्या पहिल्या आंघोळीचं पाणी त्यातच निघायचं.

“फोटोपुरतं हं,” रघुवीर मॉरीनच्या हातात देताना म्हणाले. “फक्त फोटोपुरतं.”

“ऑफ कोर्स, लव्ह,” मॉरीन म्हणाली, आणि तिने ते मेयरबाईंकडे दिलं. पण ‘फोटोपुरतं’ मात्र पुढे दिलं नाही. मेयरबाई माइकवर म्हणाल्या, “मिस्टर मोहरीर यांनी उदार मनाने हा प्राचीन भारतीय चषक आपल्याला भेट दिला आहे. दरवर्षीचा विजेता संघ तो आपल्याकडे ठेवील!” टाळ्या झाल्या. रघुवीर “अहो, तसं नाही” म्हणायला अर्धे उठले. लोकांना वाटलं, अभिवादन करताहेत. आणखी टाळ्या झाल्या. दोनदा टाळ्या मिळाल्यावर वस्तू परत मागता येत नाही, निदान मोहरीरांच्या घराण्यात तरी कुणी मागितलेली नव्हती.

अजून एक आशा होती. बॅजर्स जिंकले असते तर प्रश्नच मिटला असता. बॅजर्स नऊ-एकने हरले. घंगाळ हॅल्डेन हॉक्सच्या बसमधून गेलं. त्यात कुणीतरी ओले हातमोजे टाकले होते.

वैजयंती परत आली, बाथरूममध्ये गेली आणि तशीच बाहेर आली.

“माझ्या आईचं घंगाळ तुम्ही देऊन टाकलंत?”

“दिलं नाही गं. गेलं.”

“मग जाऊन मागून आणा.”

“आता कसं मागू? पेपरात फोटो आलाय.”

“भीड भिकेची बहीण म्हणतात ते उगाच नाही. ज्याने दिलं त्याने आणावं. मी काही त्या बर्फाच्या गोदामात पाऊल टाकणार नाही.”

त्या दिवाळीला वैजयंतीने उटणं लावलं, पण पाणी प्लॅस्टिकच्या बादलीतून दिलं. बादली निळी होती आणि तिच्यावर ‘हेवी ड्यूटी’ असं लिहिलेलं होतं. एक शब्द न बोलता बायको किती बोलू शकते, ते रघुवीरांना त्या बादलीने शिकवलं.

तेव्हा मार्ग एकच उरला : स्पर्धा जिंकणं. ज्या माणसाला पक म्हणजे बर्फावर मारायची रबरी चकती हे कालपर्यंत माहीत नव्हतं, तो आता सरावाला सगळ्यांच्या आधी हजर राहू लागला. रघुवीरांनी स्केटना धार लावली, फाटक्या पॅडना टाके घातले, बचावफळीचे नकाशे काढले. नकाशे गटारांसारखे दिसत, पण तत्त्व तेच होतं : तुंबवायचं कुठे आणि वाहू द्यायचं कुठे.

“आजोबा, तू बेंचवर ओरडू नको,” तनू म्हणे. “आणि मराठीत तर नकोच. रेफरी घाबरतो.”

२००४ साली निम्म्या संघाला कांजिण्या आल्या. उरलेले निम्मे हरले. २००५ साली सेमीफायनलला शेवटच्या मिनिटापर्यंत बरोबरी होती. मग बॅजर्सच्याच एका गुणी मुलाने फार सुंदर गोल केला, आपल्याच तनूवर. रघुवीरांनी त्याला जवळ घेऊन “नेव्हर माइंड” म्हटलं आणि गाडीत जाऊन स्टिअरिंगवर डोकं टेकलं.

तिन्ही वर्षं कप हॉक्सकडेच गेला. रघुवीरांनी एकदा हॉक्सचे मॅनेजर कॉलिन यांना आडून विचारूनही पाहिलं. कॉलिन भला माणूस, पडलेल्या मिशीचा.

“कपाची तुम्हाला अडचण नाही ना होत? जड आहे जरा.”

“छे छे! आमचा मान आहे तो.”

“नाही, होत असेल तर सांगा.”

“बिलकूल नाही. तुमचं मन मोडणार नाही आम्ही.”

दोघांनी एकमेकांची मनं जपत चहा संपवला.

आणि २००६ उजाडलं. तनू तेरा वर्षांची झाली होती. या गटातली तिची ही शेवटची स्पर्धा. नीनाने आईला बजावलं, “आई, घंगाळाचं भांडण बाबांशी आहे ना? तनूने काय केलंय?” तेव्हा वैजयंती पहिल्यांदा रिंकवर आली. दोन स्वेटर, वर कोट, पायांत नीनाचे बूट. समोरच्या टेबलावर घंगाळ ठेवलेलं होतं. तिने त्याच्याकडे असं पाहिलं, जणू ते तिचं कुणीतरी होतं आणि परक्या घरी नांदत होतं.

“पोचे आणलेत,” ती एवढंच म्हणाली.

फायनल बॅजर्स आणि हॉक्स. तीन-तीन. मग पेनल्टी. बॅजर्सच्या एकाने मारली, गेली आत. आता हॉक्सचा शेवटचा मुलगा, तनूपेक्षा हातभर उंच. रघुवीरांनी डोळे मिटले. काही क्षणांनी शेजारून वैजयंतीची किंकाळी आली, “अडवला गं बाई!” तेव्हा त्यांनी ते उघडले. बर्फावर चौकोनी तनू आडवी पडली होती आणि तिच्यावर सगळा संघ पडला होता.

रघुवीरांचे डोळे भरून आले. आलं, घंगाळ आलं.

तेवढ्यात मॉरीन माइकवर म्हणाली, “हा कप आता इथून हलणार नाही! लॉबीत काचेचं कपाट तयार आहे, कुलपासकट!”

टाळ्या झाल्या. रघुवीर अर्धे उठले आणि परत बसले.

वैजयंतीने त्यांच्याकडे पाहिलं. मग ती उठली, नीनाचे बूट वाजवत थेट टेबलापाशी गेली आणि म्हणाली, “एक्स्क्यूज मी. हे माझं आंघोळीचं भांडं आहे. माझ्या आईने दिलंय. मला परत हवंय.”

मॉरीन म्हणाली, “अगं लव्ह, मग इतकी वर्षं बोलली का नाहीस? घेऊन जा की!”

कॉलिन मागून म्हणाले, “खरं सांगू? आमच्याकडे त्यात छत्र्या ठेवत होते. तुमच्या मिस्टरांना वाईट वाटेल म्हणून बोललो नाही.”

वैजयंती नवऱ्याकडे वळली. तीन वर्षं आणि एक वाक्य, हे तिच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. तिने घंगाळ कडीला धरून उचललं, काखोटीला मारलं आणि वळली.

समोर बॅजर्स रांगेने उभे होते. हेल्मेट काढलेली, घामाने केस चिकटलेली, दात पडलेली पोरं. फोटोसाठी उभी होती. मधे तनू, दोन्ही हात पुढे करून.

“ती बाई आपला कप चोरतेय का?” सगळ्यात लहान मुलाने मोठ्यांदा विचारलं.

“ती माझी आजी आहे,” तनू मराठीतच म्हणाली, का ते तिलाच ठाऊक. आणि मग आजीला, “आजी, ते तुझं आहे ना? मग घे. आम्ही कप नसताना फोटो काढू.” तिने हात खाली घेतले. रांगेतले बाकीचेही हात खाली गेले.

वैजयंती उभी राहिली. ‘आईकडून’ या अक्षरांवर तिचा अंगठा दोनदा फिरला. रघुवीर बाकावरून मनातल्या मनात ओरडत होते : चल, वैजू, चल, दार डावीकडे आहे.

“धर,” वैजयंती म्हणाली आणि घंगाळ तनूच्या हातांत दिलं. “फोटोपुरतं हं. फक्त फोटोपुरतं.”

रघुवीरांनी कपाळावर हात मारला.

फोटो निघाला. पोरांनी घंगाळात पाणी भरून कोचच्या डोक्यावर ओतलं. मॉरीनने माइकवरून सांगितलं, की मिसेस मोहरीर यांनी आपल्या आईची ठेव दुसऱ्यांदा क्लबला दिली आहे. सगळे उभे राहून टाळ्या वाजवू लागले. वैजयंतीने तोंड उघडलं, चहूकडे पाहिलं आणि तोंड मिटून मान लववली.

घरी जाताना गाडीत रघुवीरांच्या ओठांवर ती म्हण आली होती, भिकेच्या बहिणीची. त्यांनी गिअर बदलला.

ऑक्टोबरात दिवाळी आली. वैजयंतीने उटणं कालवलं आणि निळी बादली पुढे सारली. पाठ चोळता चोळता तिने विचारलं, “त्या कपाटाची काच पुसतात का हो वेळच्या वेळी?”

“मीच पुसतो,” रघुवीर म्हणाले. “मॅनेजर ना मी.”

“‘आईकडून’ हे पुढच्या बाजूला येईल असं ठेवा.” तिने तांब्याभर पाणी त्यांच्या डोक्यावर ओतलं. ते जरा जास्तच कढत होतं.